सावेदादांचा कॅमेरा

सिनेमा म्हटला की आपल्याला दादासाहेब फाळके आठवतात. पण त्यांच्याही आधी एका मराठी माणसाने कॅमेरा फिरवला होता. त्यांचे नाव हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर. लोक त्यांना सावेदादा म्हणत. मुंबईत त्यांचा फोटोचा धंदा होता.

१८९६ साली मुंबईत ल्युमिएर बंधूंची हलती चित्रे आली. आपणही अशी चित्रे काढायची, असे सावेदादांच्या मनाने घेतले. त्यांनी थेट लंडनहून कॅमेरा मागवला. १८९९ साली हँगिंग गार्डनमध्ये दोन पहिलवानांची कुस्ती लावली आणि ती कॅमेऱ्यात घेतली. फिल्म धुवायला मात्र विलायतेला पाठवावी लागली!

१९०१ साली रघुनाथराव परांजपे केंब्रिजहून गणितात सीनिअर रँग्लर होऊन परत आले. ते दापोली तालुक्यातल्या मुर्डी गावचे. खेड्यातल्या या मुलाचे मुंबईत झालेले स्वागत सावेदादांनी टिपले.

या चित्रांत नटनट्या नव्हत्या. होती ती आपलीच माणसे.

माझे आजोबा जत्रेत कुस्ती खेळायचे. त्यांचा एकसुद्धा फोटो घरात नाही. आजी सांगते तेवढेच मला ठाऊक. म्हणून मला सावेदादा फार आवडतात. १९५८ साली ते वारले.

आता पुष्कळ घरांत मोबाइल आहे. तेव्हा पालकांनो, गावची जत्रा, पोळा, आजीच्या ओव्या त्यात घेऊन ठेवा. आणि कोण, कुठले, कोणते साल, तेही लिहून ठेवा बरं का!