रमाई गेल्यावर
घरातले माणूस गेले की रडणाऱ्याला आपण लगेच गप्प करतो. बाबासाहेबांचे पाहा. त्यांची व रमाईंची पाच लेकरे. चार गेली, एकटे यशवंत राहिले. १९२६ च्या जुलैत राजरत्न गेला, तेव्हा एवढे मोठे विद्वान, पण पुरते खचले. ते दुःख त्यांनी मित्राला पत्राने कळवले; लपवले नाही.

२७ मे १९३५ रोजी राजगृहात रमाईही गेल्या. बाबासाहेब खोलीत एकटेच रडत राहिले. पाच महिने पुरे होण्याआधी, १३ ऑक्टोबरला, त्यांनी येवल्यात धर्मांतराची घोषणा केली. आपल्या देवगाव रंगारीहून येवले काही फार लांब नाही. म्हणून रमाईंना ते विसरले का? १९४० साली पाकिस्तानवरचा त्यांचा ग्रंथ निघाला, तो रामूला अर्पण केलेला. रमाईंना ते याच नावाने हाक मारीत.