गळा धरलेला गायक आणि पडद्यावरचा सैतान

बँकेच्या नोकरीत उभा जन्म गेला. कर्ज मागायला आलेला माणूस आधी काय करत होता, हे विचारायची सवय निवृत्तीनंतरही सुटलेली नाही. फिल्म सोसायटीच्या एका खेळाला ‘हेक्सन’ हा १९२२चा मूकपट पाहिला. त्यात जीभ काढून नाचणारा सैतान म्हणजे खुद्द दिग्दर्शक बेंजामिन क्रिस्टेन्सेन, असं कळलं आणि माझा जुना प्रश्न जागा झाला.

हा गृहस्थ आधी चक्क गायक होता! जन्म २८ सप्टेंबर १८७९चा, डेन्मार्कमधल्या विबोर्गचा. वैद्यकीचं शिक्षण सोडून तो कोपनहेगनच्या रॉयल थिएटरात गाणं शिकला. पण रंगमंचावर पाऊल ठेवलं की गळा धरायचा. दुखणं मज्जातंतूंचं. शेवटी गाणं सुटलं आणि त्यानं फ्रेंच शॅम्पेनची एजन्सी घेतली. पोटापाण्याची सोय झाली, पण मन तिथं कसं रमणार?

मूकपटाला गळा लागत नव्हता. तो आधी नट झाला. १९१४ साली हेरगिरीचा खोटा आळ आलेल्या नौदल अधिकाऱ्याचा चित्रपट काढला, १९१६ साली नाहक तुरुंगात गेलेल्या सर्कशीतल्या पहिलवानाचा. दोन्हींत दिग्दर्शक तोच, नायकही तोच, आणि दोन्ही नायक निरपराध.

मग बर्लिनच्या एका पुस्तकाच्या दुकानात त्याला चेटकिणींवरच्या खटल्यांसाठी पंधराव्या शतकात लिहिलेला ग्रंथ सापडला. दोन-तीन वर्षं तो अशाच जुन्या पोथ्यांत बुडाला. पैसा स्वीडिश कंपनीचा, चित्रीकरण कोपनहेगनला. मूकपटांच्या काळात स्कँडिनेव्हियात एवढा खर्चिक चित्रपट दुसरा झाला नाही. (माझ्या टेबलावर हा प्रस्ताव आला असता तर मी तो बिनदिक्कत परत पाठवला असता.) मारेन पेडरसन या वृद्धेनं त्यात चेटकिणीचं काम केलं. सैतान आपल्या बिछान्याशी येऊन बसतो, असं तिनं त्याला अगदी खरं म्हणून सांगितलं. तो हसला नाही. तिची ती हकिगत त्यानं चित्रपटात घातली.

चित्रपटाचा शेवट मला हलवून गेला. ज्यांना चेटकिणी म्हणून जाळलं, त्यांतल्या कित्येक बाया मनानं आजारी होत्या, असं तो तिथं मांडतो. त्यातलं वैद्यक आज जुनं झालं. पण भर रंगमंचावर ज्याचं शरीर ज्याला दगा देत होतं, त्यालाच या बायांची कणव यावी, यात मला तरी नवल वाटलं नाही.

अनेक देशांत त्यावर कात्री चालली, बंदीही आली. पुढे हॉलिवूडमध्ये त्यानं काही चित्रपट केले. पण तिथं मालक स्टुडिओ. बोलपट आले आणि तो मायदेशी परतला. १९३९ ते १९४२मध्ये आणखी चार चित्रपट झाले. शेवटचा साफ पडला, आणि दिग्दर्शन कायमचं थांबलं.

त्याआधी १९४१ साली ‘हेक्सन’ डेन्मार्कात पुन्हा लागला, तेव्हा त्यानं सुरुवातीला स्वतःचं निवेदन जोडलं. पांढरा डगला घालून, डॉक्टरासारखा, तो कॅमेऱ्यासमोर उभा राहिला आणि बोलला. त्या वेळी गळा धरला नाही.

उरलेली वर्षं त्यानं कोपनहेगनच्या एका उपनगरात ‘रिओ बिओ’ हे चित्रपटगृह चालवण्यात काढली. २ एप्रिल १९५९ रोजी तो वारला. तोवर तिथं तो इतरांचे चित्रपट लावत होता.