एका तासात बुडवलेले जहाज

जॉर्ज रॉय हिल हे नाव आपल्याकडे फारसे कुणाच्या तोंडी नाही. पण ‘बुच कॅसिडी अँड द सनडान्स किड’ किंवा ‘द स्टिंग’ म्हटले की पॉल न्यूमन आणि रॉबर्ट रेडफर्ड लगेच डोळ्यांपुढे येतात. ‘द स्टिंग’ला ७ ऑस्कर मिळाली, त्यांतले एक दिग्दर्शनासाठी हिल यांना. मला मात्र हा माणूस खरा भेटतो तो १७ वर्षे आधीच्या एका रात्री, २८ मार्च १९५६ रोजी.

जन्म १९२१ चा, मिनीआपोलिसचा. येल विद्यापीठात संगीत शिकले, महायुद्धात मरीन दलाची विमाने उडवली, कोरिया युद्धात पुन्हा गणवेश चढवला. विमान उतरवतानाच्या बिकट अनुभवावर एक टीव्ही नाटक लिहिले, तिथून लेखणी हाती आली ती राहिलीच.

१९५५ मध्ये वॉल्टर लॉर्ड यांचे टायटॅनिकवरील ‘अ नाइट टु रिमेंबर’ निघाले. ‘क्राफ्ट टेलिव्हिजन थिएटर’साठी हिल आणि जॉन व्हेडन यांनी त्याचे नाटक केले. (व्हेडन यांचा मुलगा आणि नातूही पुढे टीव्ही-लेखकच झाले!) अडचण अशी, की या पुस्तकाला एक नायक नाही. वाचलेल्या अनेकांच्या आठवणींतून ती रात्र उभी राहते. शिवाय हिमनगाची धडक ते जलसमाधी हे २ तास ४० मिनिटांचे प्रकरण जाहिरातींसह एका तासात बसवायचे, आणि तेही थेट प्रक्षेपणात. नट अडखळला तर ते साऱ्या देशाला दिसणार. पाणी एकदा सेटमध्ये शिरले की पुन्हा पहिल्यापासून नाही.

१०७ कलावंत, ३१ सेट, ७ कॅमेरे. म्हणजे लेखकाला संवादाइतकाच विचार करावा लागणार तो या सेटवरचा नट त्या सेटवर कधी पोहोचेल याचा. क्लॉड रेन्स यांचे निवेदन कथेला जोडते, हे उघडच आहे. पण त्या शांत आवाजाच्या आड पडद्यामागे केवढी धावपळ झाली असेल, असे मला सारखे वाटत राहते. हिल यांनी श्रीमंतांचे दिवाणखाने, बॉयलर-खोली, बिनतारी यंत्राची खोली अशा तुकड्यांतून जहाज बुडवले. दिग्दर्शनही त्यांचेच, त्यामुळे लिहिलेल्या प्रत्येक ओळीची किंमत त्यांनाच मोजायची होती.

प्रयोग सुमारे २ कोटी ८० लाख लोकांनी पाहिला. भारतात तेव्हा दूरदर्शनचा जन्मही झाला नव्हता. दिल्लीत ते १९५९ मध्ये आले, मुंबईत १९७२ मध्ये. अँपेक्स कंपनीचे चित्रफीत यंत्रही या प्रयोगानंतर सतरा दिवसांनी, १४ एप्रिलला, प्रथम जगापुढे आले. योगायोग असा, की टायटॅनिक हिमनगावर आदळले तीही तारीख हीच! त्यामुळे प्रयोग राहिला तो पडद्यासमोर फिल्म कॅमेरा लावून घेतलेल्या चित्रणात. तेच चित्रण २ मे रोजी पुन्हा दाखवण्यात आले.

हिल पुढे सिनेमात गेले. जुन्या, उघड्या बैठकीच्या विमानांचे वेड मात्र त्यांनी सोडले नाही. १९७५ चा ‘द ग्रेट वाल्डो पेपर’ त्यातूनच आला. २७ डिसेंबर २००२ रोजी न्यूयॉर्कमध्ये ते वारले. त्या रात्रीचे चित्रण आजही पाहता येते. चित्र धूसर आहे, पण जहाज कलू लागते तेव्हा मी अजूनही घड्याळाकडे पाहतो.