पडद्यावर माती आणणारा कलामहर्षी

कोल्हापूरच्या मिस्त्री घराण्यात ३ जून १८९० रोजी जन्मलेल्या बाबूराव कृष्णराव मिस्त्री यांना महाराष्ट्र ओळखतो तो बाबूराव पेंटर या नावाने. लाकूड, धातू आणि पाषाण यांत रमणाऱ्या वडिलांचा वारसा त्यांच्या हाती आला. कलाशाळेचे रीतसर शिक्षण मात्र लाभले नाही. मावसभाऊ म्हणा वा बंधू म्हणा, त्यांचे खरे सोबती आनंदराव. दोघांनी मिळून नाटक मंडळ्यांचे पडदे रंगविले. दादासाहेब फाळके यांच्या चित्रपटाने दोघांनाही झपाटले. परंतु १९१६ मध्ये आनंदराव अकाली गेले. अपुरा राहिलेला कॅमेरा बाबूरावांनी शिष्य विष्णुपंत दामले यांच्या साह्याने पूर्ण केला. परदेशी यंत्र विकत घेणे परवडणारे नव्हते, हे त्यामागील साधे कारण.

महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या उभारणीस गायिका तानीबाई कागलकर यांनी पैसा दिला. १९२० च्या 'सैरंध्री'त स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनीच केल्या. त्या काळी हे धाडसच होते. कीचकवधाचे दृश्य इतके भीषण उतरले की अखेर ते कापावे लागले. लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना 'सिनेमा केसरी' ही पदवी दिली. १९२३ च्या 'सिंहगड'मध्ये त्यांनी कृत्रिम प्रकाशाचा वापर केला. रंगविलेल्या पडद्यांऐवजी उभे देखावे, पात्रांच्या वेशभूषेची आधी काढलेली रेखाटने, हाताने रंगविलेली भित्तिपत्रके, या साऱ्यांत चित्रकाराची नजर होती.

त्यांची खरी थोरवी मात्र १९२५ च्या 'सावकारी पाश'मध्ये आहे. ना. ह. आपटे यांच्या कथेतील शेतकऱ्याची जमीन सावकार खोट्या कागदाच्या आधारे गिळतो आणि तो शहरात मजूर होतो. तरुण व्ही. शांताराम यांनी हा शेतकरी उभा केला. काळोखातील झोपडी आणि भुंकणारे कुत्रे, एवढ्यावर त्यांनी दारिद्र्य दाखविले. युक्रेनचे अलेक्सांद्र दोव्झेन्को हेही मुळात चित्रकार. त्यांचा शेतकऱ्यांवरील 'अर्थ' आला तो १९३० मध्ये, म्हणजे पाच वर्षांनी! पौराणिक चमत्कारांना सरावलेल्या प्रेक्षकाने मात्र 'सावकारी पाश'कडे पाठ फिरविली.

१९२९ मध्ये दामले, फत्तेलाल, शांताराम आणि धायबर हे त्यांच्याच तालमीत तयार झालेले शिष्य बाहेर पडले व सीताराम कुलकर्णी यांच्यासह त्यांनी 'प्रभात' काढली. लवकरच बाबूरावही कंपनीतून दूर झाले. १९३६ मध्ये 'सावकारी पाश' त्यांनी पुन्हा, या वेळी बोलपट म्हणून काढला. १९४७ च्या 'लोकशाहीर रामजोशी'वर दिग्दर्शक म्हणून गुरू बाबूराव आणि शिष्य शांताराम ही दोन्ही नावे आहेत. एरवी ते चित्र-शिल्पांकडेच वळले होते. १६ जानेवारी १९५४ रोजी कोल्हापुरात त्यांचे निधन झाले. १९२५ चा तो मूकपट आज पाहावयास मिळत नाही.