वांदा लांदोव्स्का

वांदा लांदोव्स्का (५ जुलै १८७९ – १६ ऑगस्ट १९५९) या पोलंडमध्ये जन्मलेल्या आणि पुढे फ्रेंच नागरिकत्व घेतलेल्या हार्पसिकॉर्डवादक होत्या. अठराव्या शतकाच्या अखेरीस पियानोने मागे सारलेल्या हार्पसिकॉर्ड या वाद्याला विसाव्या शतकात मैफलीच्या व्यासपीठावर परत आणण्याचे श्रेय प्रामुख्याने त्यांना दिले जाते. मान्वेल दे फाया आणि फ्रान्सिस पुलांक यांनी या वाद्यासाठी लिहिलेले आधुनिक कॉन्चेर्टो त्यांच्यामुळेच निर्माण झाले.

पूर्वायुष्य

लांदोव्स्का यांचा जन्म त्या वेळी रशियन साम्राज्यात असलेल्या वॉर्सा शहरात एका ज्यू कुटुंबात झाला. वडील वकील होते, तर आई अनेक भाषा जाणणारी होती. वयाच्या चौथ्या वर्षी त्या पियानो शिकू लागल्या. वॉर्सा येथील शिक्षणानंतर त्यांनी बर्लिनमध्ये संगीतरचनेचे धडे घेतले. १९०० मध्ये त्या पॅरिसला गेल्या व तेथे लोकसाहित्याचे अभ्यासक आँरी लेव्ह यांच्याशी त्यांचा विवाह झाला. जुन्या संगीताच्या संशोधनात पतीची त्यांना मोठी साथ होती. १९०९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या प्राचीन संगीतावरील ग्रंथात त्यांनी बाखच्या काळातील रचना त्या काळच्या वाद्यावरच वाजवल्या जाव्यात, अशी भूमिका मांडली. तत्पूर्वी १९०३ मध्ये त्यांनी जाहीर कार्यक्रमात प्रथमच हार्पसिकॉर्ड वाजवले होते.

वाद्याचा प्रश्न

पियानोत तारेवर हातोडी पडते, तर हार्पसिकॉर्डमध्ये सतारीवर नखीने तार छेडावी तशी ती पिसाच्या काडीने किंवा चामड्याच्या तुकड्याने छेडली जाते. कळ जोरात दाबली तरी आवाज फारसा वाढत नाही. दिवाणखान्यात हे वाद्य उत्तम ऐकू येते, मात्र मोठ्या सभागृहात वाद्यवृंदापुढे ते दबून जाते. लांदोव्स्का यांच्या आग्रहावरून पॅरिसच्या प्लेयेल कंपनीने एक मोठे हार्पसिकॉर्ड घडवले. १९१२ मध्ये ब्रेस्लाऊ येथील बाख महोत्सवात ते लोकांसमोर आले. त्यात दोन कीबोर्ड, एक सप्तक खाली वाजणारा तारांचा संच आणि आवाजाचा पोत पायाने बदलण्याची सोय होती. बाखने असे वाद्य कधी पाहिले नव्हते. जुन्या वाद्याचा पुरस्कार करणाऱ्या लांदोव्स्का यांचे स्वतःचे वाद्य अशा रीतीने बरेचसे नवेच होते, आणि पुढील आधुनिक रचनांना त्याचाच आधार मिळाला.

१९१३ मध्ये बर्लिनच्या संगीत महाविद्यालयात त्यांच्यासाठी हार्पसिकॉर्डचा वर्ग सुरू झाला. पहिल्या महायुद्धाच्या काळात या दांपत्याला जर्मनीतच नजरेखाली राहावे लागले. युद्ध संपल्यावर १९१९ मध्ये आँरी लेव्ह यांचा मोटार अपघातात मृत्यू झाला व लांदोव्स्का पॅरिसला परतल्या.

दोन कॉन्चेर्टो

२५ जून १९२३ रोजी पॅरिसमध्ये पोलिन्याक राजकन्येच्या निवासस्थानी फाया यांच्या कठपुतळी-संगीतनाट्याचा प्रयोग झाला. त्याच्या वाद्यवृंदात हार्पसिकॉर्ड होते आणि ते लांदोव्स्का वाजवत होत्या. तरुण पुलांकही तेथे उपस्थित होते. या एका संध्याकाळीतून दोन कॉन्चेर्टोंचा धागा निघतो.

फाया यांनी वाद्यवृंदच आटोपता ठेवला. हार्पसिकॉर्डच्या सोबतीला त्यांनी बासरी, ओबो, क्लॅरिनेट, व्हायोलिन आणि चेलो एवढी पाचच वाद्ये घेतली. पहिल्या भागात जुन्या स्पॅनिश गीताची चाल आहे, दुसरा भाग धार्मिक मिरवणुकीसारखा गंभीर आहे, तर तिसऱ्यात डोमेनिको स्कार्लात्ती यांच्या शैलीची आठवण येते. ५ नोव्हेंबर १९२६ रोजी बार्सिलोना येथे फाया यांच्या संचालनाखाली लांदोव्स्का यांनी या रचनेचे पहिले वादन केले. तालमी अपुऱ्या होत्या आणि तो प्रयोग रंगला नाही. पुढे फाया स्वतःच एकलवादकाची जबाबदारी घेऊ लागले. १९३० मध्ये त्यांच्याच वादनाचे ध्वनिमुद्रण झाले. आज मात्र ही रचना त्यांच्या उत्कृष्ट कृतींमध्ये गणली जाते.

पुलांक यांनी याच्या उलट वाट धरली. त्यांच्या ग्रामीण कॉन्चेर्टोत पितळी वाद्यांसह पूर्ण वाद्यवृंद आहे. परंतु हार्पसिकॉर्ड बोलत असताना बाकीचे बहुधा थांबतात किंवा हळू होतात. पॅरिसजवळच्या सँ-ल्यू-ला-फोरे या गावी लांदोव्स्का यांनी १९२५ मध्ये आपली संगीतशाळा उघडली होती. तिथला परिसर या रचनेमागे आहे. पुलांक पक्के पॅरिसकर असल्याने त्यांचे ‘खेडे’ शहराच्या वेशीवरचेच राहिले. शेवटच्या भागातील बिगुलाची धून शेतातली नसून सैनिकी छावणीची आहे. एकलवादनाचा भाग दोघांनी मिळून तपासला व बराच बदलला. ३ मे १९२९ रोजी पॅरिसमध्ये प्येर मोंतो यांच्या संचालनाखाली तो प्रथम सादर झाला.

निर्वासन आणि अखेरची वर्षे

१९३३ मध्ये लांदोव्स्का यांनी बाखच्या गोल्डबर्ग व्हेरिएशन्सचे हार्पसिकॉर्डवर संपूर्ण ध्वनिमुद्रण केले. १९४० मध्ये जर्मन सैन्य पॅरिसजवळ येताच त्यांना सँ-ल्यू सोडावे लागले. नाझींनी त्यांची वाद्ये, हस्तलिखिते आणि मोठा ग्रंथसंग्रह लुटून नेला. दक्षिण फ्रान्समध्ये काही काळ काढून शिष्या दनीज रेस्तू यांच्यासह त्या ७ डिसेंबर १९४१ रोजी न्यूयॉर्कला पोचल्या. पर्ल हार्बरवरील हल्ला त्याच दिवशी झाला. वयाच्या बासष्टाव्या वर्षी त्यांनी नव्या देशात पुन्हा आरंभ केला आणि फेब्रुवारी १९४२ मध्ये न्यूयॉर्कच्या टाउन हॉलमध्ये गोल्डबर्ग व्हेरिएशन्स सादर केल्या.

१९४९ मध्ये न्यूयॉर्कमध्ये लिओपोल्ड स्टोकोव्स्की यांच्या संचालनाखाली त्यांनी पुलांक यांचा कॉन्चेर्टो पुन्हा वाजवला. त्या कार्यक्रमाचे ध्वनिमुद्रण उपलब्ध आहे. शेवटची वर्षे त्यांनी कनेक्टिकट राज्यातील लेकव्हिल येथे घालवली व तेथेच त्यांचे निधन झाले.

त्यांच्यानंतरच्या पिढीतील कारागीर सतराव्या-अठराव्या शतकांतील हार्पसिकॉर्डांच्या हुबेहूब प्रतिकृतींकडे वळले आणि प्लेयेलसारखी अवजड वाद्ये मागे पडली. त्यामुळे पुलांक यांची रचना सादर करताना वादकाला एकतर जपून ठेवलेले जुने प्लेयेल मिळवावे लागते, किंवा हलक्या वाद्याचा आवाज ध्वनिवर्धकाने वाढवावा लागतो.