डॉरोथी लेव्हिट

मोटार हांकणारी स्त्री पाहून आज कोणी थबकत नाहीं. विसाव्या शतकाच्या आरंभीं इंग्लंडांतसुद्धां ती नवलाची गोष्ट होती. त्या काळीं मोटारींच्या शर्यती गाजविणारी व त्याच विषयावर लेखणी चालविणारी स्त्री म्हणजे डॉरोथी लेव्हिट.

तिचा जन्म १८८२ सालीं लंडनच्या हॅकनी भागांत एका ज्यू कुटुंबांत झाला. मूळ नांव एलिझाबेथ लेव्ही. नेपियर मोटार कारखान्यांत ती कचेरीच्या कामास लागली. तेथील सेल्विन एज हे स्वतः नामांकित शर्यतपटू, पण व्यापारांतही मुरलेले. तरुण स्त्री गाडी हांकूं लागली म्हणजे लोकांचें लक्ष नेपियरकडे वेधेल, हा त्यांचा हिशेब. जाहिरातीसाठीं कां होईना, संधि मिळाली आणि तिनें तिचें सोनें केलें. १९०३ सालीं आयर्लंडांत तिनें हांकलेल्या नौकेनें हार्म्सवर्थ चषक जिंकला. चषकावर नांव मात्र नौकेचे मालक म्हणून एजसाहेबांचें कोरलें गेलें! १९०५ सालीं ती लंडनहून लिव्हरपूलला स्वतः गाडी हांकीत गेली व परत आली. एकेक फेरी २०५ मैलांची. १९०६ सालीं ब्लॅकपूल येथें तिनें ताशीं सुमारें ९१ मैल वेग गांठला. त्या धांवेंत बॉनेट सैल होऊं लागलें होतें, तरी ती बचावली.

परंतु आमच्या मतें तिची खरी कामगिरी लेखनांत आहे. ‘ग्राफिक’ पत्रांत ती मोटारीविषयीं लिही. ‘द वुमन अँड द कार’ हें तिचें पुस्तक १९०९ सालीं निघालें. त्यांत कौतुकाचा पसारा नाहीं, कामाचें शिक्षण आहे. पेट्रोल व तेल आधीं तपासावें. कपडे साधे असावेत, झालरी नकोत. पुढील दांडा फिरवून यंत्र सुरू करतांना तो सदैव वर ओढावा, खालीं कधींही दाबूं नये. कारण यंत्र उलट फिरलें तर दांड्याच्या झटक्यानें हात मोडावयाचा. बैठकीखालच्या खणांत हातमोजे, चॉकोलेट व लहान आरसा ठेवावा. तो आरसा मधून मधून उंच धरला असतां मागून येणारी गाडी दिसते. गाड्यांवर असे आरसे सर्रास बसूं लागले ते पुढें कित्येक वर्षांनीं. यंत्रांत बायकांना काय कळतें, असें म्हणणारांना तिनें वादानें उत्तर दिलें नाहीं. एकेक भाग उघडून दाखविला.

तरीही १९०७ सालीं ब्रुकलँड्सचें नवें शर्यतमैदान सुरू झालें, तेव्हां स्त्री म्हणून तिला तेथें प्रवेश नाकारण्यांत आला. त्याच वर्षीं ती जर्मनींतील हेर्कोमर चषकाच्या लांब पल्ल्याच्या चाचणींत उतरली. १९१० च्या सुमारास ती विमान हांकण्यास शिकूं लागली. त्यानंतर वर्तमानपत्रांतून तिचें नांव हळूहळू दिसेनासें झालें. १९२२ च्या मे महिन्यांत लंडन येथील राहत्या घरीं ती निवर्तली. तेव्हां तिचें वय अवघें ४० वर्षांचें होतें.