भगवानदादा : जीवन परिचय (मराठी निबंध)



'माझा आवडता कलावंत' हा निबंध दरवर्षी असतोच. मुलं बहुतेक आजच्या नटांवर लिहितात. यंदा त्यांना आपल्या विदर्भात जन्मलेल्या एका विनोदी नटाची ओळख करून द्या. फक्त गोष्ट यशापाशी थांबवू नका, पुढची पण सांगा.

जन्म व बालपण

भगवान आबाजी पालव यांचा जन्म १ ऑगस्ट १९१३ रोजी अमरावती येथे झाला. वडील कापड गिरणीत कामगार होते. भगवान मुंबईच्या गिरणगावात वाढले. शाळा लवकर सुटली, मोलमजुरी करावी लागली. नाद दोनच, कुस्ती आणि सिनेमा.

चित्रपटात प्रवेश

मूकपटाच्या काळात त्यांना लहानसहान कामं मिळू लागली. नाकीडोळी देखणे नव्हते, बांधा ठेंगणा आणि गोलमटोल. पण हेच त्यांचं भांडवल ठरलं. पुढे ते कमी खर्चात मारधाडीचे सिनेमे काढू लागले. अभिनय, दिग्दर्शन, निर्मिती सगळं स्वतःच बघायचे. कामगार वर्ग हे सिनेमे आवडीने पाहायचा. १९४७ मध्ये चेंबूरला त्यांनी स्वतःचा जागृती स्टुडिओ उभा केला.

एक दुखरी आठवण

१९४२ मध्ये एका प्रसंगाच्या चित्रीकरणात भगवानदादांना अभिनेत्री ललिता पवार यांना थप्पड मारायची होती. हात जोरात बसला. ललिताबाईंच्या चेहऱ्याला अर्धांगवायू झाला, डाव्या डोळ्याला कायमची इजा झाली. नायिकेची कामं गेली. तरी त्या खचल्या नाहीत. खाष्ट सासूच्या भूमिकांनी त्या घराघरांत पोहोचल्या आणि पुढे दूरदर्शनच्या 'रामायण' मालिकेत मंथरा झाल्या. एका क्षणाच्या चुकीची किंमत दुसऱ्याला किती मोजावी लागते, हे मुलांना यातून बरोबर कळतं.

'अलबेला'चं यश

राज कपूर यांनी त्यांना सामाजिक विषयावर सिनेमा काढायचा सल्ला दिला. त्यातून १९५१ मध्ये 'अलबेला' आला. नाटकात नाव काढायची स्वप्नं बघणाऱ्या गरीब तरुणाची ही कथा. नायिका गीता बाली, संगीत पुणतांब्याचे सी. रामचंद्र यांचं. सिनेमा तुफान चालला. भगवानदादांच्या नाचात उड्या नाहीत, गिरक्या नाहीत. हात किंचित वर, खांदे हलके, पाय तालावर. हा नाच कोणालाही जमतो, म्हणून तो सगळ्यांचा झाला. अमिताभ बच्चन यांच्या नाचावरही त्याची छाप दिसते. लग्नाच्या वरातीत आपले पोट्टे नाचतात ना, त्यातही भगवानदादा असतात!

उतरता काळ

मग जुहूला मोठा बंगला झाला, सात मोटारी झाल्या. पण 'अलबेला'सारखं यश परत आलं नाही. १९५३ चा 'झमेला' तेवढा चालला नाही. 'हसते रहना' हा सिनेमा अर्धवट राहिला आणि त्यात पैसा बुडाला. बंगला गेला, मोटारी गेल्या, स्टुडिओही गेला. दादा दादरच्या चाळीत राहायला आले. ज्यांच्या नावावर एकेकाळी थिएटर भरायचं, ते आता मिळेल ती छोटी भूमिका करू लागले. कधी गर्दीत दोन मिनिटांचा नाच, बस. पण काम सोडलं नाही. ४ फेब्रुवारी २००२ रोजी त्यांचं निधन झालं. २०१६ मध्ये त्यांच्या जीवनावर 'एक अलबेला' हा मराठी चित्रपट आला.

वर्गात काय घ्यावं?

आपण थोरांची चरित्रं शिकवतो ती बहुधा गरिबीतून वर चढण्याची. चढल्यावर खाली आलेल्या माणसाचं काय, हे पुस्तकात येत नाही. पण आपल्या वर्गात अशी लेकरं असतात, ज्यांच्या घरचा धंदा बसला, शेत विकलं गेलं. त्यांना ही गोष्ट लवकर समजते.

निबंध झाल्यावर मुलांना एकच प्रश्न द्या : भगवानदादा यशस्वी झाले की अयशस्वी? उत्तर आपण सांगायचं नाही. त्यांना भांडू द्या, मग लिहू द्या.